माहितीदार क्रमांक चार

नंदा गेल्याचा फोन आला तेव्हा मी तिच्यावरच चिडलेले होते. स्वतःच्या पुस्तकाची प्रुफं आठ दिवसांत तपासून देते म्हणाली होती, आणि बाईसाहेबांचा पत्ता नाही! फोनवर तिचा धाकटा भाऊ होता. ‘‘मॅडम, ताई गेली... सकाळी. हार्ट अ‍ॅटॅक.’’ मी वेड्यासारखं म्हटलं, ‘‘अरे, पण तिचं पुस्तक?’’ त्या वाक्याची मला अजून लाज वाटते.

आम्ही वीस वर्षं एकाच कॉलेजात शिकवलं. ती समाजशास्त्र, मी मराठी. हळदीतली, वरातीतली गाणी कोण ऐकतं, कोण नाक मुरडतं आणि नाक मुरडणारेच पुढे कुठे नाचतात, हा तिचा अभ्यास. नेरूळच्या आमच्या सोसायटीत गणपतीला ती मुद्दाम यायची आणि वही घेऊन कोपऱ्यात बसायची. एकदा म्हणाली, ‘‘कोळीगीत लागल्यावर पहिली उठलीस ती तू. आणि गेल्या महिन्यात शेजारच्या सारसोळे गावातल्या हळदीचा आवाज होतो म्हणून पोलिसांना फोन कोणी केला गं?’’ मीच केला होता. ‘‘अगं, पेपर तपासत होते,’’ मी म्हटलं. तिने तेही वहीत उतरवून घेतलं. भयंकर बाई!

तिच्या पुस्तकाचा सगळा भार ‘माहितीदार क्रमांक चार’वर होता. ही सारसोळ्यातली एक म्हातारी धवलारीण, म्हणजे लग्नाचे विधी गाण्यांतून पार पाडणारी बाई. माहिती देणाऱ्याचं नाव झाकायचं, हा संशोधनातला रिवाज, म्हणून नुसता क्रमांक. पुढे नंदाच्या भाच्याच्या हळदीला गेले, तर मांडवात तिची आई गात होती... आणि ती गाणी मी नंदाच्या लेखांत क्रमांक चारच्या नावावर वाचलेली! मी तिला बाजूला ओढलं. ‘‘स्वतःच्या आईला नंबर दिलास?’’

‘‘नाव छापलं तर म्हणतील, घरचंच लिहिलंय, हा कसला अभ्यास,’’ नंदा म्हणाली. मग हळूच, ‘‘आई मात्र सारखी विचारते, माजं नाव कुटं हाय पुस्तकात...’’

प्रुफं शेवटी माझ्याकडे आली. प्रत्येक पानावरचा ‘क्रमांक चार’ तिने लाल पेनाने खोडला होता आणि समासात लिहिलं होतं, ‘आईला विचारून नाव घालणे.’ ते विचारायचं राहून गेलं होतं. म्हणून गेल्या आठवड्यात मी सारसोळ्याला गेले.

‘‘आई, पुस्तकात तुमचं नाव घालायचंय. पूर्ण नाव सांगा.’’

म्हातारी डोळे पुसत म्हणाली, ‘‘माजं एकलीचं कसं, बाय? गानी माज्या सासूनं दिली. तिला तिच्या आत्यानं. लिव.’’ ती सांगत गेली, मी लिहीत गेले. तिच्यासकट सहा बायका झाल्या. मी वही मिटणार, तेवढ्यात म्हणाली, ‘‘आनि आमच्या नंदीचं. मी गान्याची एक वळ म्हनली का माज्या मागं बसून दुसरी झेलायची ती. कालेजात नोकरी लागली तवा सोडलं. म्हनाली, आये, तिथं कोनाला सांगू नको.’’

तिथं, म्हणजे आमच्या स्टाफरूममध्ये. म्हणजे मला. मला फार वाईट वाटलं, आणि तरी राहवेना. ‘‘कुठलं गाणं गायची?’’ मी विचारलं.

म्हातारीने बसल्याबसल्या पहिली ओळ म्हटली. मग सवयीने थांबली, मागून दुसरी ओळ येईल म्हणून.