बिनशब्दांच्या बातम्या

टीव्ही हे यंत्र माणसाला गोंधळात पाडण्यासाठीच जन्माला आलं, असं मनापासून मानणारा एकच माणूस मी पाहिलाय: माझ्या मावशीचे यजमान. कोरेगावात या काकांचा केबलचा धंदा, आणि त्या केबलवर त्यांची स्वतःची वाहिनी. दुकानाच्या माळ्यावर एक कॅमेरा आणि मागं निळी चादर. तिथून काका हवामान सांगायचे, तेही फक्त बाजारातल्या एका चिंचेच्या झाडाचं. ‘व्यत्ययाबद्दल क्षमस्व’ ही पाटी लागली की तिच्यामागून डोकं काढून तिलाच समजवायचे, ‘‘तू कशाला माफी मागतीस? तुजी काय चूक हाय?’’ म्हशीच्या रवंथाचं त्यांनी क्रिकेटसारखं समालोचन केलं, तेव्हा माणसं जेवणं सोडून बसली. अर्थ कुणाला लागला नाही, पण उठलंही कुणी नाही.

मग मावशीला अर्धांगाचा झटका आला. शहरातल्या दवाखान्यातून ती घरी आली तेव्हा पाय चालत होते, पण जीभ अडखळू लागली होती. त्याची लाज वाटून तिनं बोलणंच टाकलं. शेजारणी आल्या की भिंतीकडं तोंड करून पडायची. एक दिवस काका तिच्या पायाशी बसून म्हणाले, ‘‘बातम्या देशील? बोलायचं न्हाई. नुसतं बसायचं.’’ तिनं मानेनंच हो म्हटलं.

संध्याकाळी मावशी इरकली साडी नेसून चादरीपुढं बसली. मी खाली दुकानातल्या टीव्हीवर बघत होतो. काका म्हणाले, ‘‘नमस्कार. आजच्या ठळक बातम्या.’’ मावशी गप्प. मागं चादर पाण्यासारखी हलत होती. ‘‘आता सविस्तर बातम्या,’’ काका म्हणाले, आणि मावशी आणखी गप्प बसली. तेवढ्यात दुकानाचा फोन वाजला, तो मी उचलला. पलीकडून बाजारातले चहावाले आजोबा म्हणाले, ‘‘वैनींना सांगा, लय दिसांनी दिसल्या. बरं वाटलं.’’

मग हे रोजचंच झालं. एकदा काकांनी ‘अतिसविस्तर बातम्या’ जाहीर केल्या, तेव्हा मावशी अडखळत म्हणाली, ‘‘पु... पुरं आता.’’ काकांच्या हातातला कॅमेरा हळूहळू कलला. कोरेगावाला बराच वेळ नुसते छताचे वासे दिसत राहिले, आणि कुणाचं तरी हसणं की रडणं ऐकू येत राहिलं.

आता केबल थोड्याच घरांत उरलीय. कोण बघतं, विचारलं तर काका म्हणतात, ‘‘बघत आसंल की कोनतरी.’’ मावशी आता खऱ्या बातम्या सांगते. मधेच शब्द अडतो. काका घाई करत नाहीत. दोघं थांबतात, आणि ती थोडी घरंही त्यांच्याबरोबर थांबतात.