खोडलेला 'अ'

सरकारी छापखान्यात तिला सगळे भिंगबाई म्हणत. बावीस वर्षं ती प्रुफं तपासत होती. कुणी आजारपणाच्या रजेची चिठ्ठी पाठवली, तरी ती आधी त्यातल्या वेलांट्या नीट करायची आणि मग काळजी करायची.

एकदा सरकारी घरं मिळालेल्या लोकांची यादी राजपत्रात छापून आली आणि मथळ्यात 'पात्र'च्या जागी 'अपात्र' पडलं. यादीतली चारशे कुटुंबं कचेरीवर चालून आली. वरून विचारणा झाली तेव्हा व्यवस्थापकांनी हात झटकले आणि खापर भिंगबाईच्या डोक्यावर फुटलं. तो 'अ' मी लाल शाईनं खोडला होता, असं तिनं परोपरीनं सांगितलं. पण तिनं तपासलेलं प्रूफ फायलीत सापडेना. तिचं म्हणणं कुणी लिहूनही घेतलं नाही. दोन आठवड्यांत बडतर्फीचा आदेश हातात पडला. कारण निष्काळजीपणा.

नवरा दवाखान्यात औषधं द्यायचा. बाहेर तो तिच्या बाजूनं भांडला, घरात मात्र एकदा जेवताना त्यानं विचारलंच, "अगं, खरंच सुटलं नसेल ना तुझ्या नजरेतून?" पुढचे आठ दिवस दोघं कामापुरतं बोलत होते.

तिनं एक वकील गाठले आणि त्यांनी न्यायाधिकरणात दावा लावला. मग तारखांवर तारखा पडत गेल्या. कधी सरकारी वकील आजारी, कधी न्यायाधीशांची बदली. घरी बसून ती शाळेच्या पुस्तकांची प्रुफं तपासायची आणि तारखेला नेमानं हजर राहायची. अशी पाच वर्षं गेली.

शेवटी छापखान्यानं संपूर्ण फाईल हजर करावी, असा हुकूम झाला. वकिलांनी नकला वरवर चाळल्या. त्यांना त्यात नवं काही दिसलं नाही. तिनं त्या दोन दिवसांसाठी घरी मागून नेल्या आणि प्रूफ वाचावं तशा, प्रत्येक ओळीखाली पट्टी धरून वाचल्या. चौकशी अहवालाच्या शेवटच्या पानावर पट्टी थांबली. अहवालाची तारीख एकोणीस होती. तिनं कपाटातून स्वतःचा बडतर्फीचा आदेश काढला. त्यावर 'चौकशी अहवाल अवलोकन करून' असं लिहिलं होतं आणि तारीख होती बारा, त्याच महिन्यातली.

वकिलांनी दोन्ही कागद शेजारी ठेवले आणि कपाळाला हात लावला. "बाई, हे माझ्या कसं लक्षात आलं नाही?"

"तुम्ही मजकूर वाचलात. मी सगळा कागद वाचला."

त्यानंतर निकालाला फार दिवस लागले नाहीत. चौकशी पुरी व्हायच्या आधीच शिक्षा दिली, कर्मचाऱ्याचं म्हणणं ऐकूनही घेतलं नाही, म्हणून आदेश रद्द आणि बाईंना पुन्हा कामावर घ्यावं, असा तो निकाल. वकील खुशीत होते. तिनं पायऱ्यांवर उभ्या उभ्या निकाल दोनदा वाचला.

"चूक माझी नव्हती, हे यात कुठं आहे?"

"कुठंच नाही," वकील म्हणाले. "तो प्रश्न उघडायची गरजच पडली नाही."

ती रुजू झाली तेव्हा निवृत्तीला चौदा महिने उरले होते. प्रुफं आता संगणकाच्या पडद्यावर वाचत होते आणि तिच्या टेबलावर तरुण मुलगी बसत होती. भिंगबाईला आवक-जावक विभागात बसवलं. ती आल्या-गेल्या पत्रांवर शिक्के मारू लागली.

एका दुपारी छपाईची अक्षरं जुळवणारा जुना जुळारी स्वतःच्या निवृत्तिवेतनाच्या कागदांसाठी आला. ती यादी त्यानंच जुळवली होती. काम झाल्यावरही तो बाकावरून उठेना. मग खाली मान घालून म्हणाला, "तुमचं प्रूफ माझ्या हातात आलं होतं. 'अ' खोडलेला होता. व्यवस्थापकसाहेब म्हणाले, उशीर झालाय, आहे तसं छाप. नंतर तो कागद त्यांनीच मागून नेला."

"तेव्हा का नाही बोललात?"

"दोन मुली शिकत होत्या, बाई."

तिनं हातातला शिक्का खाली ठेवला. आपण चिडू असं तिला वाटलं होतं. पण आधी तिला हायसंच वाटलं, आणि राग आला तो जुळारी निघून गेल्यावर. त्याआधी तिनं त्याच्यापुढे कोरा कागद सरकवला. त्यानं जे सांगितलं ते लिहून खाली सही केली. तिनं तो कागद अर्जाला जोडला आणि सेवापुस्तकात अजून तसाच असलेला 'निष्काळजीपणा'चा शेरा काढून टाकावा, अशी मागणी केली.

अर्जाची पोच तिला मिळाली. ती निवृत्त झाली त्या दिवशीही अर्ज विचाराधीन होता.