सील

हर्णेच्या बंदराजवळ राजश्रीचं शीतगृह आहे. पूर्वी तिथे सासऱ्यांची जाळी ठेवायची शेड होती. नवरा हर्षद जहाजावर. त्याच्या साठवलेल्या पैशांतून दोघांनी ते उभं केलं. लिलावात भाव पडला की मच्छीवाल्या बायका माल तिच्याकडे ठेवून जायच्या आणि भाव चढला की काढायच्या.

वीज मात्र भरवशाची नव्हती. त्यात सरकारनं अशा धंद्यांना मोठ्या बॅटरीसाठी अनुदान जाहीर केलं. राजश्रीनं अर्ज केला, जुना जनरेटर विकला आणि कपाटाएवढी बॅटरी बसवून घेतली. अट एकच होती. आधी खर्च स्वतः करायचा, मग तपासणी. तोवर बॅटरीच्या मुख्य स्विचला सरकारी माणसांनी तारेनं लावलेलं सील तसंच राहायला हवं.

तपासणीच्या आदल्या दिवशी सकाळी वादळ आलं. दापोलीकडच्या रस्त्यावरचे खांब आडवे झाले आणि लाईट गेली. वीज कार्यालयातून उत्तर आलं, "उद्या संध्याकाळशिवाय काही सांगता येत नाही."

शीतगृहाच्या लहान-मोठ्या दोन्ही खोल्यांत माल होता. दुपारपर्यंत दाराच्या फटीतून पाणी झिरपू लागलं. तापमानाचा काटा वर सरकत होता. बर्फ मागवावा, तर रस्ता बंद. तिनं तपासणी अधिकारी दीपक सरांना फोन लावला.

"सर, माल खराब होईल. बॅटरी चालू करू का?"

"मॅडम, सील तुटलं तर प्रकरण माझ्या हातात राहणार नाही. एक दिवस कळ काढा ना. उद्या येतोच आहे मी."

"मासे कुठे कळ काढतात, सर?"

तिनं फोन ठेवला आणि जहाजावर लावून पाहिला. हर्षदचा फोन लागतच नव्हता.

तेवढ्यात मच्छीवाल्या बायकांतली गोदा आली. आत सगळ्यात जास्त माल तिचाच होता. तिनं ओल्या उंबऱ्याकडे पाहिलं, सगळं ऐकून घेतलं आणि पायरीवर बसली.

"माझ्या कोळंबीसाठी तू तुझं अनुदान घालवू नको गो," ती म्हणाली. "आमचं आम्ही बघू."

हे बोलताना तिचे हात मात्र लुगड्याचा काठ चुरगाळत होते. राजश्रीला ते बघवेना. ती आत गेली, सासूची मासे कापायची सुरी घेतली आणि सीलची तार कापली.

स्विच ओढला. थंडाव्याचं यंत्र घरघरलं आणि बंद पडलं. लाल दिवा लुकलुकू लागला. सीलही गेलं आणि मालही जाणार! बॅटरी बसवणाऱ्या कारागिरानं काय सांगितलं होतं? सगळा भार एकदम टाकायचा नाही. तिनं दिवे बंद केले, पंखे बंद केले, लहान खोलीचं यंत्र बॅटरीपासून तोडलं आणि तिथला माल दोघींनी ओढत ओढत मोठ्या खोलीत आणला. मग पुन्हा स्विच ओढला.

यंत्र चाललं. काटा मागे सरकेपर्यंत दोघी तिथून हलल्या नाहीत.

दुसऱ्या दिवशी दीपक सर पडलेल्या झाडांतून वाट काढत आले. बॅटरी अजून चालूच होती. तुटलेली तार पाहून त्यांचा चेहरा उतरला.

"वादळात आपोआप तुटलं का?" त्यांनी हळूच विचारलं.

तिला कळलं, ते वाट काढून देत होते. पण कापलेली तार कापलेलीच दिसत होती. खोटं लिहून उद्या तेही अडकले असते.

"मी कापली, सर."

त्यांनी तसं लिहिलं. मोठ्या खोलीचं यंत्र बॅटरीवर चालताना पाहिलं, हेही लिहिलं. तरी त्या वर्षीच्या यादीतून राजश्रीचं नाव गेलं. तिनं अपील केलं. त्याचा निकाल अजून लागलेला नाही.

गोदाची कोळंबी चांगल्या भावानं गेली. हर्षद सुट्टीवर आला, जेवताना त्यानं सगळं ऐकलं. मग म्हणाला, "मी असतो तर कापली नसती बहुतेक." ताट उचलता उचलता स्वतःच पुढे म्हणाला, "आणि मग तोंड दाखवायला जागा राहिली नसती."

बॅटरीचा खर्च भरून काढायला सुट्टी अर्धी सोडून तो पुन्हा जहाजावर गेला. राजश्री त्याला दापोलीच्या गाडीत बसवून आली आणि लिलाव सुटायच्या आत शीतगृहाचं दार उघडलं.