मधलं घर

शुक्रवारी सकाळी पावणेदहाला रोहिणीचा फोन आला तेव्हा मी मेट्रोत होतो. "काका, बाबा गेले... झोपेतच." मी विचारलं, "किती वाजता?" त्या प्रश्नाची अजून लाज वाटते, पण मला आधी आकडा लागतो. माझी ही सवय ओळखूनच तिच्या वडिलांनी, मेश्राम साहेबांनी, माझं नाव 'आकडेबाबू' ठेवलं होतं. पुढच्या स्टेशनवर उतरून मी गाझियाबादकडे उलटा फिरलो. सगळ्या वाटेत डोक्यात एकच आकडा होता. पाच. पाच रविवार ते माझ्याकडे आले नव्हते आणि मीही त्यांच्याकडे गेलो नव्हतो.

आमची ओळख दिल्लीतल्या आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टर्समधली. ते नागपूरचे, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठे, समोरच्याच दारात राहायचे. नोकरीत तीन वर्षं कैरोला होते. तिथून लोक अत्तरं आणतात, पिरॅमिडचे फोटो आणतात. यांनी सीगा आणला. तिथले ड्रायव्हर पार्किंगच्या धुळीत बोटाने पंचवीस खळगे करायचे, एकाकडे खडे, दुसऱ्याकडे खजुराच्या बिया, आणि भोवतीचे दहाजण ओरडून चाली सुचवायचे. वाळवंटातल्या मेंढपाळांपासून चालत आलेला खेळ, असं त्यांना सांगितलं गेलं होतं. "पट विकत घ्यावा लागत नाही, आकडेबाबू. जिथे बसलो तिथे खेळ," ते म्हणायचे. पुढे गाझियाबादला एकाच सोसायटीत आम्ही फ्लॅट घेतले आणि दर रविवारी दहाला ते माझ्या घरी येऊ लागले.

खेळ सोपा दिसतो. उभी पाच, आडवी पाच घरं. दोघांचे बारा-बारा दगड. आधी आळीपाळीने दोन-दोन दगड मांडायचे, मधलं घर तेवढं रिकामं ठेवायचं. मग एकेक घर सरळ सरकायचं, तिरपं नाही. समोरच्याचा दगड आपल्या दोन दगडांच्या कात्रीत आला की उचलायचा. स्वतःहून दोन शत्रूंच्या मध्ये जाऊन बसलं, तर मात्र मरण नाही. मला हा नियम कधी पटला नाही. त्यांना तोच सर्वांत आवडायचा. मी एका कडेला दगडांची भिंत रचायचो, तिच्यामागे सुरक्षित बसायचो आणि डाव बरोबरीत सोडवायचो. "यार, तुम्ही खेळायला बसता की पहारा द्यायला?" ते हसायचे. स्वतः मात्र मधल्या घराला लागून दगड मांडायचे, एक मुद्दाम मारू द्यायचे आणि त्याच्या बदल्यात माझे दोन न्यायचे. समोरच्याची कोंडी झाली की त्याला वाट करून द्यायची, हा तिथला नियम. ती वाट ते फार ऐटीत द्यायचे. "चलो, निघा बाहेर. आणि आता सांभाळून."

गेल्या हिवाळ्यात मांडताना त्यांनी मधल्या घरात दगड ठेवला. मी म्हटलं, "साहेब, मधलं घर." ते हसले, दगड उचलला. पुढच्या रविवारी पुन्हा तेच. "मला शिकवताय?" या वेळी हसले नाहीत. तिसऱ्या रविवारी पुन्हा दगड तिथेच आला. मला वाटलं, मुद्दाम चिडवतायत, मी नियमाचा माणूस म्हणून गंमत बघतायत. मी बोलून गेलो, "नियमच पाळायचे नसतील तर खेळायचं कशाला?" त्यांनी पटाकडे बराच वेळ पाहिलं... मग चप्पल घातली. चहा तसाच राहिला.

बायको दर रविवारी म्हणायची, "अहो, दोन टॉवर पलीकडे राहतात. जा की." मी म्हणायचो, चूक त्यांची आहे, आधी त्यांनी यावं. पाचही वेळा हेच म्हणालो.

ते गेल्यानंतर तीन आठवड्यांनी मी त्यांच्या घरी जाऊन बसलो. रोहिणीने सांगितलं, "सहा महिने विसरत होते, काका. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. तुम्हाला कळवते म्हटलं तर माझ्यावर भडकले. म्हणाले, आकडेबाबूला कळलं तर तो मुद्दाम हरायला लागेल. मग काय मजा?"

मी मुद्दाम हरलो असतो का? खरं सांगायचं तर नाही. मी त्यांना खेळूच दिलं नसतं. 'आराम करा' म्हणालो असतो. तेही भिंत रचणंच झालं असतं. हे कळल्यापासून रविवारी दहा वाजले की मी घरात या खोलीतून त्या खोलीत फिरतो.

"रोज सकाळी मांडत बसायचे," रोहिणी म्हणाली आणि जेवणाच्या टेबलाकडे बोट केलं. काचेवर मार्करने पंचवीस घरं आखलेली होती. मधल्या घरात जखमेवर लावतात ती चिकटपट्टी डकवलेली. "बोटाला लागली की कळतं म्हणाले. शेवटच्या आठवड्यात एकदाही चुकले नाहीत. म्हणाले, येत्या रविवारी जातो."

मी खुर्ची ओढून बसलो. पट्टीचा एक कोपरा सुटला होता. मी तो अंगठ्याने दाबला. तो पुन्हा वर आला. मी पुन्हा दाबला.