राज्यकर्त्यांची लेक

इथे अमेरिकेत, आमच्या ॲन आर्बरमध्ये एक रिटायर्ड इंजिनियर काका आहेत. मराठी मंडळींत त्यांना फार मान, आणि माझ्या मते तो फुकटचा. समोरच्याला धड बसूही न देता त्यांचा प्रश्न ठरलेला, "मूळ गाव कुठलं?" पुणं म्हटलं तर, "ते झालं राहण्याचं, मूळ सांगा." गावावरून आडनाव, आडनावावरून जात, आणि जात कळली की त्यांचा जीव भांड्यात पडतो. नव्याने आलेल्या मुलांना तर ते कांद्यासारखे सोलतात. सगळे हसतात, काकाच ते, चालायचंच म्हणतात. मला कधी हसू आलं नाही. तरी दरवर्षी गणपतीला त्यांना बोलावते, कारण न बोलावलं तर नवऱ्याला अपराधी वाटतं.

सिरियातली जुनी राजवट कोसळली, त्यानंतरचा गणपती होता. माझ्या लॅबमधली सिरियन मैत्रीण जेवायला आली होती, आणि तिची घरमालकीणही. घरमालकीण आमच्याच शेजारी राहते. दमास्कसची, विधवा, सत्तरीची. वरची खोली तिनं या मैत्रिणीला दिली होती आणि दोघींचं मायलेकींसारखं जमलं होतं. मैत्रिणीनं तिला एवढंच सांगितलं होतं, की मी किनाऱ्याकडच्या शहरातली. ते खोटं नव्हतं. पण पुरतं खरंही नव्हतं.

खरं काय ते मला माहीत होतं. लॅबमध्ये ती जेवणानंतर लोखंडी नळीनं एक हिरवट कडू चहा ओढत बसायची. तोच चहा ती घरी कधी करायची नाही. मी एकदा गाडीत विचारलं तर म्हणाली, "हा आमच्या डोंगरातला चहा. बघितला की लोकांना कळतं मी कोण." ती अलावी होती, सिरियातल्या एका अल्पसंख्य पंथाची. मग रस्ताभर तिनं सगळं सांगितलं. डोंगरातले दरिद्री लोक, तंबाखूची शेतं, दुसऱ्याची जमीन. शहरातले धर्मपंडित त्यांना मुसलमानही मानायचे नाहीत, म्हणून आपली श्रद्धा घराबाहेर बोलायची नाही ही पिढ्यांची सवय. तिच्या आजीला लहानपणीच शहरात एका घरी मोलकरीण म्हणून ठेवलेली. फ्रेंच आले, त्यांनी डोंगरातली पोरं फौजेत घेतली. फ्रेंच गेले तरी फौज राहिली, कारण गरिबाच्या पोराला पोटाचा तोच रस्ता. त्याच फौजेतून एक अधिकारी वर चढला, त्यानं देश ताब्यात घेतला, आणि पन्नासेक वर्षं बापलेकांनी तो सोडला नाही. हेरखात्यात, तुरुंगांत जागोजागी आपल्या जातीचे लोक बसवले. "आणि डोंगरात?" मी विचारलं. "डोंगरात रस्तेसुद्धा धड नव्हते," ती म्हणाली. "शेवटच्या युद्धात पोरं मात्र घराघरातून मेली."

घरमालकिणीचा धाकटा भाऊ कॉलेजात शिकवायचा. त्याला घरातून उचलून नेलं, तो पुन्हा दिसला नाही. राजवट पडल्यावर तुरुंगांची दारं उघडली, तेव्हा ती फोन डोळ्यांशी धरून व्हिडिओतला एकेक चेहरा मोठा करून बघायची. माझी मैत्रीण शेजारी बसून तिच्याबरोबर बघायची. मग मार्चमध्ये वारं फिरलं, जुन्या राजवटीचा सूड सुरू झाला. किनाऱ्यावर हत्यारबंद लोक दारोदार जाऊन तुम्ही अलावी का म्हणून विचारायला लागले. मैत्रिणीच्या मावशीची दोन्ही मुलं त्यात मेली. तिनं घरी फ्लू झालाय म्हणून सांगितलं. घरमालकिणीनं मसुराचं सूप करून वर नेऊन दिलं.

तर अशी ही माझी मैत्रीण माझ्या घरी मोदकाची प्लेट घेऊन बसली, आणि काकांनी खुर्ची ओढली. कुठलं शहर ते विचारून झालं. मग, "ते राहण्याचं. आजोबांचं गाव कुठलं?" ती म्हणाली, लहान आहे, तुम्हाला माहीत नसेल. काकांनी फोनवर नकाशा उघडला. घरमालकीण हसून म्हणाली, "सांग की, मला तो सगळा किनारा पाठ आहे. लहानपणी उन्हाळ्यात जायचो आम्ही." मी स्वयंपाकघरातून तूप घेऊन येत होते. मैत्रिणीनं माझ्याकडे पाहिलं, आणि गावाचं नाव सांगितलं.

घरमालकिणीला नकाशा लागला नाही. तिचं हसू तोंडावरच राहिलं. काकांना मात्र फोनमध्ये वाचावं लागलं, आणि मग त्यांचा चेहरा उजळला. "अरे वा, अलावी! म्हणजे तुम्ही तिथले राज्यकर्ते!" त्यांनी तो मान म्हणून दिला होता. आमच्यात कुणाचं घराणं सरदाराचं निघालं की ते असेच खूश होतात. उचलली जीभ लावली टाळ्याला. घरमालकिणीनं प्लेट खाली ठेवली आणि चप्पल घालून निघून गेली. काका मला विचारत होते, यांना गोड चालत नाही का? मी त्यांना जा म्हटलं. नवऱ्यासमोर, गणपतीसमोर, सरळ जा म्हटलं, आणि मला त्याचा पश्चात्ताप नाही.

मी नंतर मैत्रिणीला झापलंच. दुसरं नाव घेता येत नव्हतं? ती म्हणाली, "आजोबा तिथे पुरलेत. त्यांना कुठे हलवू?"

दुसऱ्या दिवशी मी घरमालकिणीकडे गेले. म्हटलं, सुक्याबरोबर ओलं जाळू नका. तिनं चहा विचारला नाही. "ज्यानं माझ्या भावाला नेलं तो त्याच डोंगरातल्या बोलीत बोलत होता," ती म्हणाली. "आणि ही माझ्या शेजारी बसून चेहरे बघत होती. तिला राहायचं असेल तर तिनं माझ्यासमोर म्हणावं, माझ्या लोकांनी केलं." मला तिचाही राग आला, आणि तिच्या जागी मी असते तर काय केलं असतं या विचारानं माझाही.

मैत्रीण खोली आवरत होती. निरोप ऐकून म्हणाली, "केलं ते पाप होतं, हे हजारदा म्हणेन. 'माझ्या लोकांनी केलं' असं म्हणणार नाही. माझे लोक म्हणजे माझे बाबा." मग पहिल्यांदा सांगितलं. बाबा शाळामास्तर. डाव्या पक्षाचे, राजवटीविरुद्ध बोलायचे. त्यांनाही त्याच तुरुंगात टाकलं, आणि आतले शिपाई त्यांना जास्त मारायचे, आपल्यातला फुटला म्हणून. सुटून आले तर गावानंही वाळीत टाकलं. मी म्हटलं, अगं बाई, हे जाऊन सांग खाली, आत्ता. तिनं बॅगेची चेन लावली. "बाबांचा मार मी खोलीसाठी वापरू? तूही सांगायचं नाहीस. शपथ घे." मी घेतली. मला घ्यायची नव्हती.

डब्लिनला, तीन तासांवर ओहायोत, माझ्या ओळखीत खोली मिळाली; लॅबचं काम ती तिथूनच करणार होती. मी तिचे खोके गाडीत भरले. ती पुढच्या सीटवर बसून राहिली. शेवटचा खोका आणायला मी परत वर गेले, उतरताना जिन्याखाली घरमालकीण उभी. डोळे सुजलेले. तिनं माझं मनगट धरलं आणि विचारलं, "तिच्या घरातलं कुणी, एक माणूस तरी, कधी आत गेलं होतं का?"

माझ्या तोंडाशी आलं होतं. अगदी दातांशी. खोका हातात धरून मी म्हटलं, "तिलाच विचारा. ती गाडीत आहे."

तिनं काचेतून गाडीकडे पाहिलं. मैत्रीण समोर बघत बसली होती. घरमालकीण दाराबाहेर एक पायरी उतरली, थांबली, आणि परत आत येऊन जिना चढायला लागली, वरच्या रिकाम्या खोलीकडे.