वहिनीची स्प्रिंग आणि दादाचा ठोकळा

माझ्या वहिनीला आजूबाजूचे सगळे स्प्रिंगवाली म्हणतात. घराच्या पुढच्या खोलीत तिचं लेथ मशीन आहे. त्यावर ती दरवाज्यांच्या, खुर्च्यांच्या, यंत्रांच्या स्प्रिंगा वळते. कामात तिचा हात धरणारं कुणी नाही, आणि बोलण्यात तर नाहीच. मी तिची नणंद, शाळेत विज्ञान शिकवते. एरवी ती मला नावाने हाक मारते, चिडली की ‘वन्सं’ म्हणते.

दादा, म्हणजे माझा भाऊ, बाटल्यांच्या कारखान्यात कामाला. क्रेट लादलेली ट्रॉली रुळांवरून उतारावर सुटायची आणि खाली उभ्या दादाने नेमक्या वेळी चाकाखाली लाकडी ठोकळा सरकवायचा, हे त्याचं काम. एकदा ठोकळा निसटला आणि चाक त्याच्या पायाच्या दोन बोटांवरून गेलं. लंगडत घरी आला तरी म्हणत होता की सवयीचं काम आहे, चालायचंच. वहिनीला ते मुळीच चालणार नव्हतं. ती तडक कारखान्याच्या मॅनेजरकडे गेली आणि म्हणाली की उताराच्या टोकाला मी बफर बसवून देते, यांना वरच्या फाटकाचं काम द्या. मॅनेजर म्हणाला, चाचणी घेऊ. बाटल्या फुटल्या तर ठोकळाच बरा.

बफर तिने डोकं लावून आखला होता. ट्रॉली आदळली की स्प्रिंग वीतभर दबणार, आणि वीत पुरी झाली की मागून खिट्टी पडून ट्रॉलीला धरून ठेवणार. स्प्रिंग किती ताठ हवी, हे ट्रॉलीच्या गतिज ऊर्जेवर ठरत होतं. तिने माझ्याकडून सूत्र घेतलं: वस्तुमानाच्या निम्म्याला वेगाच्या वर्गाने गुणायचं. मी पुढे समजावायला लागले तर मला उठवूनच लावलं. ट्रॉलीचं वजन मालासकट सहाशे किलो, वेग ताशी सात पूर्णांक दोन किलोमीटर, आणि तिचं उत्तर चार हजार तीनशे वीस ज्यूल. हजार ज्यूलचा एक किलोज्यूल होतो, असं तिने दादाला ऐटीत सांगितलं. किलोवर मिळतात तर पिशवी घेऊन जाऊ का, असं दादाने विचारलं.

चाचणीच्या दिवशी ट्रॉली आदळली, स्प्रिंग जेमतेम अर्धी वीत दबली आणि खिट्टी पडायच्या आत ट्रॉली मागे उसळली. वरचे क्रेट कोसळले. जमिनीवर काचांचा खच पडला. मॅनेजरने आणखी एक संधी दिली, शेवटची. दादा झाडू घेऊन आला, आणि ते पाहून वहिनीचा चेहरा पार उतरला.

दुसऱ्या दिवशी मी तिला सगळं गणित मोठ्याने वाचायला लावलं. तिने आधी सात पूर्णांक दोनचा वर्ग केला होता आणि मग एकदाच तीन पूर्णांक सहाने भागलं होतं. मी म्हटलं, आधी ताशी किलोमीटरचे सेकंदाला मीटर कर, वर्ग नंतर. तिने भागलं, दोन आले. दोनाचा वर्ग चार, सहाशेचे निम्मे तीनशे, म्हणजे बाराशे ज्यूल. तिने जुन्या आकड्यावर काट मारली.

“म्हणजे मी ट्रॉली थांबवायला निघाले आणि भिंत बांधून आले,” ती म्हणाली.

पण नवी, मऊ स्प्रिंग वळायला तिचा हात धजेना. मोठा आकडा तिला सुरक्षित वाटत होता.

“वन्सं, ही कमी पडली तर ट्रॉली कुणाच्या पायावर जाईल, ठाऊक आहे ना?”

ते पाय माझ्या भावाचे होते, म्हणून मीही सगळं गणित पुन्हा तपासलं. मग मीच तिला अर्ध्या वितीची आठवण करून दिली. स्प्रिंगमधली ऊर्जा दबण्याच्या वर्गाने वाढते; स्प्रिंग साडेतीन पटीहून जास्त ताठ झाली होती, म्हणूनच ती सुमारे निम्मी दबली. हिशेब जुळत होता. तिने ते स्वतः पुन्हा मांडून पाहिलं आणि मगच मशीन सुरू केलं.

दुसऱ्या चाचणीला दादा सवयीने ठोकळा घेऊन रुळांपाशी उभा राहिला. वहिनीने त्याला हाताला धरून बाजूला आणलं. तो आला, पण ठोकळा काही सोडेना. ट्रॉली सुटली, वेगात खाली आली, स्प्रिंग दबत दबत वीतभर गेली आणि खिट्टी पडली. क्रेटमधल्या बाटल्या जरा किणकिणल्या, तेवढंच. मॅनेजर वाकून बाटल्या तपासत राहिला, मग मान डोलावून दादाला म्हणाला की उद्यापासून फाटकावर ये. माझे डोळे भरून आले होते. एवढा अभिमान मला माझ्या पहिल्या पगाराचाही वाटला नव्हता.

दादा मात्र ठोकळा छातीशी धरून तसाच उभा होता.

“आता याचं काय करू?” त्याने विचारलं.

“खाली ठेवा,” वहिनी म्हणाली, “आणि माझा हात धरा. केव्हाचा थरथरतोय.”