दोन पायऱ्यांवरून जिना

आमचे हे गवंडी. जिना बांधण्यात यांचा हातखंडा, असं हे स्वतःच सांगतात. दुसरं कुणी सांगताना मी तरी ऐकलं नाही. पद्धत सोपी. पहिल्या दोन पायऱ्या मापायच्या, शितावरून भाताची परीक्षा म्हणायचं आणि टेप खिशात टाकायचा. आमच्या घरातला जिना यांच्याच हातचा. तिसरी पायरी दोन बोटं उंच. आलागेला तिथं ठेचकाळतोच. हे म्हणतात, "लोकांना धड चालता येत नाही."

माणसांनाही हेच माप. शेजारीण दोनदा उशिरा उठलेली दिसली, झाली जन्माची आळशी!

लेकीला गणितात पहिल्या चाचणीत बासष्ट पडले, दुसरीत चोपन्न. मग काय, आमचे ज्योतिषीबुवा बसले की मांडी घालून. "आठ-आठनं उतरतेय. पुढं सेहेचाळीस, अडतीस, तीस. नापासच! सेहेचाळीस आले की शाळा बंद. आत्याच्या शिवणाच्या दुकानात बसायचं."

शाळेत तेव्हा नेमकी अंकगणिती श्रेढीच चालली होती. लेक रडवेली होऊन म्हणाली, "बाबा, दोन आकड्यांत फरक एकच निघतो. तो पुढंही तेवढाच राहतो का, ते बघायला लागतं. प्रत्येक आकड्यातून आधीचा वजा करायचा. दरवेळी फरक तोच आला, तरच श्रेढी."

"मला शिकवतेस? गवंड्याला?" म्हणत हे तरातरा जिना चढायला गेले आणि तिसऱ्या पायरीवर आपटले. मी हसले नाही. म्हणजे, तोंडावर तरी नाही.

पोर पुस्तकात डोकं खुपसून बसली. तिसऱ्या चाचणीचा पेपर हातात आला. सेहेचाळीस. लग्न झाल्यापासून पहिल्यांदा यांचं काहीतरी खरं ठरलं होतं. आता गल्लीभर दवंडी पिटणार, असं वाटलं.

हे जिन्यावर बसून पेपर उलटसुलट करत राहिले. लेक दप्तरातल्या वह्या काढून कपाटात ठेवायला लागली.

"काय चाललंय गं?" हे खेकसले.

"तुम्हीच म्हणाला होतात ना, सेहेचाळीस आले की शाळा बंद."

"तीन आकड्यांवरून कुठं काय कळतं? चौथा येऊ दे की!"

"आणि अडतीस आले तर?" मी विचारलं.

"तू गप बस. मग पाचवा बघू," म्हणाले, आणि कपाटातल्या वह्या काढून स्वतःच्या हातानं परत दप्तरात कोंबल्या.